ग्विलिम कधीच रजा घेत नाही

ड्रेसरचं काम म्हणजे नटांना कपडे चढवायचे, उतरवायचे आणि मधल्या वेळात त्यांचं ऐकून घ्यायचं. पुण्याहून लंडनला येऊन मला या कामात सोळा वर्षं झाली. किस्से गोळा करावे लागत नाहीत, कपाटातल्या हँगरसारखे ते आपोआप वाढतात. माझ्याकडचे निम्मे एकट्या ग्विलिमचे आहेत!

ग्विलिम वेल्सचा. रंगभूमी, टीव्ही, सिनेमा, सगळीकडे वावरलेला. वय सत्तर आणि आमच्या नाटकात विग-मेकअप चढवून करायचा पंचेचाळिशीचा न्यायाधीश! तो आला नाही तर त्याच्या जागी उभा राहणारा अंडरस्टडी म्हणजे लंडनच्याच स्टॅनमोर भागातला मराठी पोरगा नील. एरवी नील त्याच नाटकात कोर्टाचा शिपाई. दोन वाक्यं आणि एक दार. सात महिने न्यायाधीशाचा शब्दन् शब्द पाठ करून बसला होता बिचारा.

"ताई, मला एकच शो पाहिजे," तो म्हणायचा. "आई-बाबांनी अजून मला फक्त दार उघडताना बघितलंय."

*

ग्विलिमची मुलाखत असली की त्यात कोळशाची खाण यायचीच. बाबांचे काळे हात, आईचा हुंदका, मग डोळ्यांत पाणी. मीही पहिल्यांदा रडले होते, खोटं कशाला सांगू!

मग एकदा त्याची थोरली बहीण कार्डिफहून नाटक बघायला आली. मी तिला खाणीबद्दल आदरानं विचारलं.

"कसली खाण?" ती म्हणाली. "आमचे बाबा डेंटिस्ट होते!"

*

त्याचा एक मोठा हॉलिवूडचा सिनेमा आला. शूटिंग आमच्या नाटकाआधीच झालेलं, ग्लासगोला, चार दिवस. त्यानं आम्हा सगळ्यांना थिएटरात नेलं, पॉपकॉर्न मात्र ज्याचं त्यानं घ्यायचं.

दोन तासांत ग्विलिमचं दर्शन म्हणजे एका टेबलाशी पाठमोरी बसलेली टकलाची मागची बाजू. तीन सेकंद. बाहेर आल्यावर सगळे बसच्या वेळा बघायला लागले.

तोच म्हणाला, "पाठीनं अभिनय करणं सगळ्यांना जमत नाही!"

*

हा माणूस आजारी पडत नव्हता असं नाही. पडायचा, पण यायचा. एकदा अंगात सणसणून ताप होता. दोन प्रवेशांच्या मध्ये बादलीत ओकला आणि पुन्हा स्टेजवर गेला. मला वाटलं, काय ही निष्ठा!

कोट चढवताना माझ्या कानात म्हणाला, "चाळीस वर्षांत माझा कोट दुसऱ्या कोणाच्या अंगाला लागलेला नाही. आणि त्या शिपायाच्या तर मुळीच लागणार नाही."

तेव्हापासून तो माणूस माझ्या मनातून उतरला तो उतरलाच.

*

एका शोला तो निकालपत्र वाचता वाचता वाक्य विसरला. पूर्ण ब्लँक! शेजारी शिपाई म्हणून उभ्या असलेल्या नीलनं ओठ न हलवता वाक्य पुरवलं. एक नाही, चार. नाटक वाचलं.

दुसऱ्या दिवशी कंपनी मॅनेजरकडे लेखी तक्रार. "शिपाई स्टेजवर पुटपुटतो, माझी एकाग्रता मोडते."

नीलला वॉर्निंग मिळाली. पोरगं दार उघडायला गेलं. मला इतका संताप आला की मी ग्विलिमची कॉलर दोन दिवस जरा जास्तच घट्ट लावली.

*

नाटक संपायला चार दिवस उरले होते. बुधवार, दुपारचा शो. ग्विलिम सकाळी क्रॉयडनला कुठल्याशा सोफ्याच्या दुकानाची रिबन कापायला गेला होता. परतीची ट्रेन मध्येच अडकली. त्याचा फोन आला, "शो थांबवा!"

आमच्याकडे नियम एकच. पडदा उघडायच्या पस्तीस मिनिटं आधी बोर्डावरच्या कागदावर नटाची सही नसेल, तर कोट अंडरस्टडीला. वेळ झाली. सही नव्हती. कोट मी माझ्या हातानं नीलला चढवला. त्यानं आधीच घरी फोन केला होता आणि आई-बाबा स्टॅनमोरहून मिळेल ती ट्यूब ट्रेन पकडून धावत आले होते.

काय काम केलं पोरानं! निकालपत्राच्या वेळी तर कोणी खोकलंसुद्धा नाही. मी विंगेत पदरानं, म्हणजे एप्रननं, डोळे पुसत होते.

शेवटी सगळे वाकून नमस्कार करायला उभे राहिले, तोच ग्विलिम आला. ओव्हरकोटात, गळ्यात मफलर, ना विग ना मेकअप. मला ढकलून थेट स्टेजवर गेला, नीलला बाजूला सारलं आणि मधोमध उभं राहून वाकला. बहुतेकांनी ओळखलं, टाळ्यांचा कडकडाट! नील कडेला, दाराजवळ.

नंतर आम्ही सगळे मागच्या दाराशी होतो. ग्विलिम सह्या करायला पेन काढून सज्ज. नीलची आई आली. तीस वर्षं कौन्सिलच्या वृद्धांच्या डे सेंटरमध्ये काम केलेली बाई. तिनं नीलच्या गालावरून हात फिरवला. "राजा, काय छान केलंस रे! आणि लोक तरी किती चांगले. त्या वाट चुकून वर आलेल्या आजोबांनाही टाळ्या दिल्या, कोणी हसलं नाही."

मग ती ग्विलिमपाशी गेली, त्याचा पेनाचा हात आपल्या दोन्ही हातांत घेतला आणि हळूच, अगदी मायेनं विचारलं,

"You all right, my love? तुमच्याबरोबर कोणी आलंय का?"