लॉबीतला पियानो

लोणावळ्यातल्या ज्या हॉटेलात मी रिसेप्शनला होतो, तिथल्या मालकांना कलेची भारी आवड. म्हणून त्यांनी कुठल्याशा जुन्या बंगल्यातून एक पियानो उचलून आणला, लॉबीत ठेवला आणि त्यावर प्लास्टिकची फुलं मांडली. पाहुणे त्याला टेकून फोटो काढायचे. आमची संगीतसेवा एवढीच.

एकदा एका बाईंनी विचारलं, "हा वाजवतं कोण?" मालकांनी बेधडक माझ्याकडे बोट दाखवलं. माझी पात्रता म्हणजे माझं टेबल पियानोला सगळ्यात जवळ होतं.

मग मी मोबाइलवर एक ॲप घेतलं. 'सी मेजर' निवडलं की पडद्यावरच्या तीन पट्ट्या निळ्या व्हायच्या. त्या एकदम दाबल्या की झाली कॉर्ड. स्केल म्हणजे ओळीनं चढायचं नि उतरायचं, शाळेतल्या सारेगमसारखं. ॲप भलतंच दिलदार. एक पट्टी नीट दाबली तरी "अप्रतिम!" म्हणायचं. आमच्या घरात इतकं कौतुक म्हशीचंसुद्धा झालेलं नाही. मेजर प्रसन्न आणि मायनर उदास, हेही मला पटकन कळलं. रजेचा विषय काढला की मालक मायनरमध्ये जायचे.

खऱ्या पियानोवर मात्र तेच वाजवलं, की ॲप ऐकून लाल व्हायचं. "पुन्हा प्रयत्न करा." मी बिचारा बोटांना दोष देत राहिलो. एक दिवस दाबलेली पट्टी वर आलीच नाही, तेव्हा उजेड पडला. पावसाळी दमटपणानं पियानोचं लाकूड फुगलं होतं आणि सूर केव्हाच उतरले होते. मालक म्हणाले, "पावसाळा संपला की बघू."

पण पावसाळ्यातच एका आजी-आजोबांच्या लग्नाच्या पन्नाशीचा कार्यक्रम आला आणि मालकांनी त्यांना 'लाइव्ह पियानो' कबूल केला. तोडगाही त्यांचाच. "ॲप आपोआप कॉर्ड वाजवतं ना? स्पीकर पियानोमागं लपव, फोन आत ठेव आणि तू नुसते हात हलव. चेहरा गंभीर ठेव."

चेहरा गंभीर ठेवायला मला काही कष्ट पडले नाहीत.

सगळं झकास चाललं होतं. लोक माना डोलावत होते. तेवढ्यात पियानोच्या पोटात फोन वाजला. मी घाबरून आत हात घातला, लाल बटण दाबायचं ते हिरवं दाबलं, आणि आमच्या गावाहून, तिकोणा पेठेहून, माझी आई स्पीकरवरून अख्ख्या लॉबीशी बोलू लागली.

"आरं, कुटं हायस? तुज्या आबांनी भाताच्या खाचरात चष्मा घालवला, अन्‌ वरडत्यात मला! तू जेवलास का न्हाई?"

मालक भिंतीला टेकले. मला तिथल्या तिथे पियानोत शिरावंसं वाटलं. तेवढ्यात आजीबाई उठून जवळ आल्या आणि पियानोकडे तोंड करून म्हणाल्या, "नाही जेवला हो अजून."

"कोन बोलतंय?"

"मी इथली पाहुणी. आमच्या यांचाही चष्मा रोज माझ्यामुळेच हरवतो. पन्नास वर्षं झाली."

"मंग तुमाला सांगायची गरजच न्हाई," आई म्हणाली. "पोराला जेवाया घाला तेवढं." आणि तिनं फोन ठेवला.

आधी आजोबा हसले, मग सगळी लॉबी. हसू ओसरल्यावर आजीबाईंनी मला विचारलं, "तुला खरंच काय येतं?"

"चार कॉर्ड."

"मग त्या वाजव."

मी वाजवल्या. एक पट्टी अडकलेली, बाकीच्या उतरलेल्या. आजोबांनी एक जुनं गाणं धरलं. त्यांचा सूर आणि पियानोचा सूर वेगवेगळ्या गावचे होते, पण दोघंही थांबेनात. आजीबाई टाळ्यांनी ताल देत होत्या. कुणीच "अप्रतिम" म्हणालं नाही. तरी माझी बोटं पहिल्यांदाच न अडखळता चालली. नंतर आजीबाईंनी मला आपल्या शेजारी बसवून जेवू घातलं.

दुसऱ्या दिवशी मालकांनी बोलावलं. वाटलं, नोकरी गेली. ते म्हणाले, "दर शनिवारी लाइव्ह पियानो ठेवू. आणि आईंना फोन करायला सांगशील का? लोकांना फार आवडलं."

मी आईला विचारलं.

"मला लय कामं हायत," ती म्हणाली.