पावतीवरचा चौकोन

जे सांगणार आहे ते माझ्या बायकोला, शैलाला, माहीत नाही. सुनेला अर्धंमुर्धं माहीत असावं. मुलाला सगळं माहीत आहे — पण त्यालाही मी ते कधी माझ्या तोंडाने सांगितलेलं नाही. मग तुम्हालाच का? तुम्ही आमच्या वेस्ट विंडसरच्या मराठी मंडळात येत नाही, एवढं कारण मला पुरे आहे.

आधी माझ्याबद्दल थोडं, म्हणजे पुढचं कळेल. मी हिशेबातला माणूस. रोज ट्रेनने न्यू यॉर्कला जातो, एका कंपनीचे अकाउंट्स बघतो. एप्रिल जवळ आला की गावातली निम्मी मराठी मंडळी माझ्या डायनिंग टेबलाशी येऊन बसतात. काका, टॅक्स भरायचाय. काका, मुलीच्या कॉलेजचा फॉर्म बघता का? मी कधी कुणाला नाही म्हटलं नाही आणि कुणाकडून पैसा घेतला नाही. कौतुक मात्र पोटभर घेतलं. ‘काकांनी हात लावला की काम झालंच’ — हे वाक्य ऐकण्यासाठी मी काहीही केलं असतं. केलंच म्हणा ना.

आणि माझा एक ठरलेला किस्सा होता. पुण्यात नोकरीला होतो तेव्हा कंपनी घरभाडे भत्ता द्यायची. मी राहायचो कोथरूडला, वडिलांच्या फ्लॅटमध्ये. भाडं कसलं डोंबलाचं! पण भत्ता कोण सोडतो? सगळेच कुणाच्या ना कुणाच्या नावाने भाडेपावत्या लावायचे, मी मामांच्या नावाने लावायचो. खाली कोपऱ्यात रेव्हेन्यू स्टॅम्प चिकटवायचा, त्यावर आडवी मामांची सही ठोकायची — मामांना गंधवार्ता नाही. एकदा घरातले स्टॅम्प संपले, तर मी पेनाने नुसता एक चौकोन काढला आणि त्याच्यावर सही केली. अकाउंट्सवाल्याने तीही पास केली! हा किस्सा मी इथल्या प्रत्येक पार्टीत सांगायचो. पेपर नॅपकिनवर चौकोन काढून दाखवायचो आणि लोक खो खो हसायचे. केदार लहान होता तेव्हा माझ्या मांडीवर बसून म्हणायचा, “बाबा, बॉक्सची स्टोरी सांगा.”

केदार आमचा एकुलता एक. अभ्यासात चांगला, इंजिनिअरिंगला गेलेला. आणि दोन हजार एकच्या त्या सप्टेंबरनंतर कॉलेज अर्धवट सोडून आर्मीत भरती झाला. अहो, आर्मीत! आमच्या सात पिढ्यांत कुणी पोलीस चौकीची पायरी चढलेलं नाही. मी काय काय बोललो ते आता लिहवत नाही. तो शांतपणे म्हणाला, “बाबा, धिस इज माय कंट्री टू,” आणि बॅग उचलून गेला. नंतर बराच काळ तो फोन करायचा तो आईला. मी उचलला तर “हाय बाबा, आई आहे का?” एवढंच. त्याने मेगनशी लग्न केलं तेही आम्हाला आधी फोनवरच कळलं. मुलगी गुणी आहे, तिच्याबद्दल माझी तक्रार नाही.

मग त्याची बदली जर्मनीला झाली. तळावर क्वार्टर रिकामं नव्हतं, म्हणून जवळच्या एका खेड्यात त्याने फ्लॅट भाड्याने घेतला. जर्मन फ्लॅट म्हणजे काय प्रकार असतो, कल्पना आहे? नुसत्या भिंती. स्वयंपाकघरात ना ओटा ना सिंक, छताला दिव्यांच्या जागी लोंबणाऱ्या वायरी. आधीचा भाडेकरू सगळं उचकटून घेऊन जातो. मेगन जमिनीवर हॉट प्लेट ठेवून स्वयंपाक करत होती, आणि ती हॉट प्लेटही केदारच्या सार्जंटने दिलेली. ही सार्जंट एक बाई होती. तिचं नाव इथे घेत नाही, माझा तो हक्क राहिलेला नाही.

परदेशात घर लावताना असा जो खर्च होतो तो आर्मी भरून देते. काही रक्कम ठोक मिळते, आणि घर मिळवताना जो पैसा कायमचा गेला — एजंटची दलाली वगैरे — तो पावती दाखवली की मिळतो. एक दिवस केदारचा फोन आला. शैला घरात होती, तरी त्याने मलाच मागितलं. म्हणाला, “बाबा, हे क्लेमचं काही कळत नाहीये. आय ॲम गोइंग टू द फील्ड. यू आर गुड ॲट धिस. बघाल का?”

काय सांगू तुम्हाला! इतके दिवस ज्याने धड हॅलो केलं नव्हतं, तो मुलगा माझ्याकडे आला होता. मी शैलाला तीनतीनदा ऐकवलं, “बघ, शेवटी बापच लागतो.”

त्याने कागदपत्रं पाठवली. मी नियम वाचले आणि माझं डोकंच फिरलं. डिपॉझिट म्हणून त्याने चांगली जाडजूड रक्कम भरली होती, आणि डिपॉझिट मिळणार नव्हतं — का, तर घर सोडताना ते परत येतं. अरे, पण आत्ता तर गेलं ना पोराच्या खिशातून? सून जमिनीवर बसून कांदे परततेय आणि तुम्ही नियम कसले शिकवता? मी तणतणत घरभर फिरलो. आणि मग — मग मी काय केलं? तुम्ही ओळखलंच असेल. कोथरूडला करायचो तेच केलं. डिपॉझिटचा आकडा घेतला, त्याला दलालीचं नाव दिलं, एक जर्मन एजंट मनाने तयार केला आणि त्याच्या नावाची पावती घरच्या प्रिंटरवर छापली. मला वाटलं, पैसे खरे गेलेत, नाव तेवढं बदललं, बिघडलं कुठे?

पावती छापून झाली, पण ती मला उघडीबोडकी दिसायला लागली. म्हणून पेन घेतलं, खाली कोपऱ्यात एक छोटा चौकोन काढला आणि त्याच्यावर आडवी, झोकात सही केली. हात सवयीने गेला, असं मी स्वतःला पुष्कळदा सांगून पाहिलंय. पण सवय कसली? मस्ती होती ती. स्वतःवरच खूश होतो मी.

केदारला काही बोललो नाही. मोठी रक्कम हातात आली की चकित होईल, तेव्हा सांगू म्हटलं. सही करायच्या जागी पिवळ्या चिकटपट्ट्या लावून अख्खा गठ्ठा पाठवून दिला. त्याने फील्डवर, म्हणजे लष्करी सरावाला, निघायच्या गडबडीत सह्या केल्या आणि देऊन टाकला. त्याने वाचलं का नाही? अहो, शाळेपासून त्याचा प्रत्येक कागद मीच भरलेला. बापाने पाठवलेला कागद कोण वाचत बसतं!

ते घर केदारला एजंटकडून मिळालेलंच नव्हतं. तळावरच्या ज्या हाउसिंग ऑफिसात क्लेम जातो, त्यांनीच ते शोधून दिलं होतं. त्या खेड्यात एजंट नावाचा प्राणीच नव्हता. मला हे ठाऊक नव्हतं, कारण मी विचारलंच नव्हतं. विचारायचं कशाला? मी शहाणा ना! अति शहाणा त्याचा बैल रिकामा, हे मी दुसऱ्यांना ऐकवत आलो.

केदारला बोलावणं आलं. सार्जंट शेजारी उभी, कॅप्टन समोर, टेबलावर ती पावती. ही कुणी केली? त्याने त्या चौकोनाकडे पाहिलं. ज्या चौकोनावर तो लहानपणी टाळ्या पिटून हसायचा, तो त्याने ओळखला नसेल? त्याने सांगितलं, “मी केली.”

आर्मीत खोटा क्लेम म्हणजे चेष्टा नाही. त्याचा हुद्दा उतरवला, पगार कापला. तेही एक वेळ चाललं असतं. पण केदारला ऑफिसर व्हायचं होतं. त्यासाठीच तो मान मोडून राबत होता, त्या सार्जंटने स्वतः शिफारस करून त्याचा अर्ज वर पाठवला होता. तो अर्ज परत आला. पुन्हा करू नये असं सांगून परत आला.

त्याने मला फोन केला तेव्हा तो ओरडला नाही. ओरडला असता तर बरं झालं असतं, मी उलट ओरडलो असतो. तो एवढंच म्हणाला, “बाबा, व्हाय डिड यू ड्रॉ द बॉक्स?”

मग “आईला द्या” म्हणाला. मी फोन शैलाच्या हातात दिला. तो तिला काय सांगतोय ते कान देऊन ऐकत बसलो. क्लेममध्ये घोळ झाला, प्रमोशन गेलं, एवढंच त्याने सांगितलं. माझं नाव नाही. शैला रडायला लागली. मला म्हणाली, “अहो, असं कसं झालं? आपला केदार असं करेल का?”

तेव्हा सांगता आलं असतं. एका वाक्याचं काम होतं. आणि माझ्या तोंडून काय निघालं? “नाव बघून केलं त्यांनी. दुसरं काय?”

इथपर्यंतचं एक वेळ मूर्खपणा म्हणून खपलं असतं. याच्यापुढचं नाही खपत.

शैलाने ते मंडळात सांगितलं. दिवाळीच्या कार्यक्रमात आमचे अध्यक्ष मोघे माइक घेऊन उभे राहिले आणि म्हणाले, हा एकट्या केदारचा प्रश्न नाही, आपल्या सगळ्यांच्या मुलांचा आहे. फराळाच्या टेबलाशेजारी दुसरं टेबल मांडून सह्या गोळा केल्या. लोकांनी लगेच विश्वास ठेवला, कारण त्या दिवसांत आपल्या मुलांना खरंच सोसावं लागत होतं. मोघ्यांच्या स्वतःच्या पुतण्याला विमानातून खाली उतरवलं होतं. खऱ्या दुखण्याच्या आड मी माझं खोटं नेऊन ठेवलं. पहिली सही कुणाची? माझी. मोघ्यांनी पेन मानाने माझ्या हातात दिलं, आणि मी केली.

केदारला कळलं तेव्हा त्याचा फोन आला. “बाबा, मेक देम स्टॉप.” मी बघतो म्हणालो. बघितलं काय? कपाळ! मूग गिळून बसलो. पत्र आमच्या काँग्रेसमनकडे, म्हणजे इथल्या खासदाराकडे, गेलं, तिथून वर गेलं, वरून चौकशी आली — आणि ती कुणाच्या मानगुटीवर बसली? त्या सार्जंटच्या. तू या मुलाला नावावरून, रंगावरून त्रास दिलास का? तीच ती, हॉट प्लेट देणारी. ती स्वतः काळी होती, जॉर्जियातल्या कुठल्याशा गावातून वर आलेली. केदारने जाऊन पुन्हा पुन्हा सांगितलं, हिने नाही हो, हिने तर माझी बाजू घेतली. पुढे तिचं काय झालं मला माहीत नाही. केदारला विचारलं असतं तर त्याने सांगितलं असतं. मी विचारलं नाही.

मग केदार इराकला गेला. तो परत आला की शैलाला सांगू, असं मी देवापुढे म्हणायचो. तो धडधाकट परत आला. मी सांगितलं नाही. मुदत संपल्यावर तो बाहेर पडला. आता ओहायोत, डब्लिनला असतो, एका कंपनीच्या गोदामावर सुपरवायझर आहे. मेगन नर्स आहे, एक मुलगी झालीय. सगळं ठीक आहे, असं सगळे म्हणतात.

यंदा ते आमच्याकडे आले होते. त्याच रविवारी नागपूरचं एक नवं जोडपं माझ्याकडे टॅक्सचं विचारायला आलेलं. चहा झाला, आणि शैलाने — ती प्रत्येक नव्या माणसाला सांगते — केदारची हकिगत काढली. ऑफिसर व्हायचा होता हो माझा मुलगा. नाव बघून अडवला. मी नेहमीसारखी मान हलवली.

त्या जोडप्यातल्या मुलाने केदारकडे वळून विचारलं, “खरंच का दादा? असं होतं तिथे?”

केदारने माझ्याकडे पाहिलं. रागाने नाही. कंटाळल्यासारखं पाहिलं. शैला पदराने डोळे पुसत होती. खोलीत सगळे त्याच्या तोंडाकडे बघत होते, आणि मला बोलायला भरपूर वेळ होता.

“हो,” केदार म्हणाला. “आई सांगते तसंच झालं.”

मी त्या मुलाला विचारलं, चहा अजून घेणार का.