पुरण का सपक झालं, ते लिहितेय

आज आपल्या मंडळात नैवेद्यासाठी पाच किलो हरभराडाळ आणि पाच किलो गूळ आला, आठशे रुपयांचा. सचिवांनी काटकसर म्हणून त्यातला किलोभर गूळ न सांगता काढून ठेवला. पुरण सपक झालं, तेव्हा पंगतीत सगळ्यांदेखत ते स्वयंपाकाच्या शांताक्कांवर ओरडले, "चव बघता येत नाही?"

कोठीत तो गूळ सापडल्यावर अक्का म्हणाल्या, "नैवेद्याआधी चाखायचं नाही, हा तुमचाच नियम ना, अण्णा? गूळ कमी दिलाय, एवढं तरी सांगायचं. आता चूल तुम्हीच सांभाळा." आणि निघून गेल्या.

पैसा मीही जपते. पण असं वागवल्यावर कुणाचा हात मनापासून चालेल?

सचिव, उद्या सकाळी येलहंक्याला अक्कांच्या घरी माफी मागायला माझ्यासोबत येताय का? आजच इथे सगळ्यांसमोर कळवा.