दर रविवारी एक अंक

बायको गेल्यावर माझ्या घरी येणारी माणसं दोनच उरली. एक दूधवाला, दुसरा फॅक्टरीतला माझा जुना जोडीदार. दूधवाला दारातूनच परत जाते. जोडीदार आत येऊन बसायचा, पण महिन्या-दोन महिन्यांनी एकदा, अन् अर्ध्या तासात उठायचा. तो शहराच्या दुसऱ्या टोकाला दीक्षितपुऱ्यात सुना-नातवंडांच्या गोंगाटात, मी इकडं अधारतालला तीन खोल्यांत एकटा. त्याला घरी जायची एवढी काय घाई असायची बाप्पा, देव जाणे.

मग पुण्याच्या माझ्या पोरीनं माझ्या टीव्हीत एक मराठी ॲप टाकून दिलं. लहानसंच. मी म्हटलं, काहून गं, मोठाले ॲप कमी पडले का? ती म्हणाली, "बाबा, मोठ्यांशी यांची बरोबरी होत नाही. म्हणून दुसऱ्या कोणाकडे नाही तेच हे दाखवतात. तेही थोडं थोडं, म्हणजे माणूस दर आठवड्याला परत येतो." या ॲपकडं झाडीपट्टीची नाटकं होती. चंद्रपूर-गडचिरोलीकडं धान निघाल्यावर गावोगावी मंडप टाकून होतात ती. नवी कोरी, फक्त यांच्यासाठी शूट केलेली. दर रविवारी दुपारी चारला एक अंक.

जोडीदार मूळचा तिकडलाच. मी फोनवर सहज बोललो, अन् त्याच रविवारी साडेतीनला त्याचा ऑटो दारात उभा. मग प्रत्येक रविवारी. मी कांदा चिरून कच्चा चिवडा करायचो, तो टीव्हीतल्या नायिकेला ओरडायचा, "अवं, नको जाऊ त्याच्यासंग," अन् अंक संपल्यावर आम्ही तासभर भांडायचो की आता पुढं काय होईल. त्या एका तासावर माझा आठवडा निघायचा. खोटं काहून बोलू?

एकदा तो म्हणाला, "भाऊ, माझ्या मोबाईलवर येईल का हे?" मोबाईलवर आलं तर हा इथं काहून येईल? एका खात्यावर दोन स्क्रीन चालतात, हे पोरीनं मला सांगितलेलं होतं. मी म्हटलं, "नाही रे. गेटपाससारखं आहे हे. ज्याच्या फोटोचा पास, तोच आत. टीव्हीचा नंबर जुळावा लागते." दुसरा कोणी असता तर तोंडावर हसला असता. पण आम्ही दोघांनी पस्तीस वर्षं पास दाखवूनच फॅक्टरीचं गेट ओलांडलेलं. "अच्छा, बरोबर आहे," म्हणून त्यानं मान डोलावली.

वर्षभर निभलं. मागच्या थंडीत एका नव्या नाटकाच्या पहिल्या अंकाला तो नातीला घेऊन आला. कॉलेजात जाते पोरगी, या हिंदी मुलखातच वाढलेली; मराठी समजते तिला, पण बोलत नाही. अंक संपल्यावर ती रिमोट घेऊन इकडंतिकडं फिरली अन् म्हणाली, "दादाजी, इसमें तो दो स्क्रीन चलते हैं. आपके फोन में डाल दूँ?" दोन मिनिटांत टाकूनही दिलं. मी चिवड्याच्या ताटलीकडं पाहत बसलो. "गेटपास म्हणे," जोडीदार म्हणाला अन् पोट धरून हसला. मीही हसलो.

पुढच्या रविवारी तो आला नाही. साडेचारला मी फोन केला. वाटलं, रागावला असेल, चार शिव्या देईल, मी माफी मागीन, मग येईल. "अबे, राग कायचा?" तो म्हणाला. "गुडघे दुखून राहिले. घरीच बरं पडते आता. चल, ठेवतो, अंक सुरू आहे." खरंच राग नव्हता त्याच्या आवाजात. राग असता तर काढता आला असता.

मी दुसरा अंक लावला नाही. म्हटलं, तो येईल तेव्हा दोघं मिळून पाहू. येडाच मी. सोमवारी टीव्ही लावला तर दुसऱ्या अंकाच्या चित्राखालची लाल रेघ पूर्ण भरलेली. खातं एकच, त्यामुळे त्यानं कुठवर पाहिलं ते माझ्याकडं दिसते. तो आख्खा अंक पाहून मोकळा झाला होता. आठवडाभर त्याचा फोन नाही. पुढं काय होईल यावर भांडायला त्याच्या घरी माणसं होतीच.

त्यानंतरच्या रविवारी सव्वाचारला मी ॲप उघडलं. तिसऱ्या अंकाखाली रेघ बोटभर सरकलेली दिसली. म्हणजे तो दीक्षितपुऱ्यात आत्ता पाहून राहिला होता. मी बटण दाबलं, अन् तो जिथं पोचला होता तिथूनच नाटक सुरू झालं. नायिका पांढऱ्या लुगड्यात बसलेली. तिचा नवरा केव्हा मेला, कशानं मेला, मला काहीच माहीत नव्हतं. मागं जाऊन दुसरा अंक पाहिला असता तर कळलं असतं. पण मग तो पुढं निघून गेला असता. मी आवाज थोडा वाढवला अन् तसाच पाहत बसलो, त्याच्यासंग.