दहावा फर्मा

माझी आत्या एका छापखान्याच्या वरच्या मजल्यावर अडतीस वर्षं काम करते आहे. हजेरीपटावर तिच्यापुढे 'घडी' असं लिहिलेलं असतं. पण गेली चोवीस वर्षं तिने कागदाला फारशा घड्या घातलेल्या नाहीत. ती वाचते.

वरचा मजला म्हणजे एक लांब खोली. एका बाजूला सहा खिडक्या, मधे तीन टेबलं. टेबलांच्या कडा मनगटांनी घासून गुळगुळीत झालेल्या. खालून छापलेले मोठे ताव येतात आणि अठराजणी हाडाच्या पट्टीने त्यांच्या घड्या घालतात. तीन घड्यांत एका तावाची सोळा पानं होतात, त्याला फर्मा म्हणायचं. फर्मे क्रमाने लावायचे, शिवायचे, पाठीला खळ फासायची, मग पुठ्ठा. यंत्रं खाली आहेत. वर नुसती कागदाची सळसळ असते आणि त्या सळसळीवर एका माणसाचा आवाज सहज चालतो.

म्हणून तिथे वाचतात. सकाळी तासभर वर्तमानपत्र, दुपारी तासभर पुस्तक, कधी त्याहून जास्त. वाचणारीच्या वाट्याचे ताव बाकीच्या सतराजणी आपसात वाटून घेतात. येता-जाता तिच्या टेबलावर चार-चार फर्मे ठेवून जातात, आणि सुट्टी होईपर्यंत तिचाही ढीग इतरांएवढा होतो. हे कुठे लिहिलेलं नाही. फोरमनला माहीत आहे, पण त्याने कधी विचारलेलं नाही.

आत्याचा आवाज गोड नाही. ती नाकाच्या शेंड्यावर चष्मा ठेवून, किराण्याची यादी वाचावी तसं वाचते. लढाई असो की लग्न, सूर तोच. माझे बाबा म्हणतात, "शाळेत पाच ओळींचा निबंध लिहायचा तर ही तीनदा पाणी प्यायला उठायची. आणि म्हणे वाचकबाई!"

दुपारच्या पुस्तकांत एक महाकाव्य होतं. वेढा पडलेलं एक शहर, बारा वर्षांचं युद्ध, सातशे पानं. बायका त्याला नुसतं 'थोरलं' म्हणायच्या. दर दोन वर्षांनी थोरलं पुन्हा पहिल्या पानापासून सुरू व्हायचं. आत्याच्या आधीच्या वाचकबाई कादंबऱ्या वाचायच्या; थोरलं आणलं ते आत्यानेच. तिच्याकडे स्वतःची प्रत होती. ती तिच्याकडे कशी आली, हे मात्र ती कुणाला सांगत नसे.

सोळाव्या वर्षी ती कामाला लागली तेव्हा नेमकं तेच पुस्तक बांधणीला आलं होतं. तिला फर्मे लावायला बसवलं. टेबलाभोवती फिरायचं आणि प्रत्येक ढिगातला एक उचलायचा. एका प्रतीत तिने नववा दोनदा उचलला आणि दहावा राहिला. प्रत शिवून झाल्यावर फोरमनच्या लक्षात आलं. फर्म्यांच्या पाठीवर छोट्या काळ्या खुणा असतात, सगळे नीट लागले की त्यांची जिन्यासारखी तिरकी रेघ दिसते. या प्रतीत जिन्याची एक पायरी गायब होती. तेव्हाच्या फोरमनने ती प्रत रद्दीच्या पेटीत भिरकावली आणि आत्याला आठवडाभर झाडू दिला. जाताना आत्याने ती प्रत पदराखाली घालून घरी नेली आणि पुढे केव्हातरी तिला पुठ्ठा चढवला.

वाचक झाल्यावर तिने हेच पुस्तक काढलं. राहिलेल्या फर्म्याचा चौदा वर्षांत तिला विसर पडला होता. पान एकशे चव्वेचाळीसपर्यंत सगळं सुरळीत होतं. तिथे सैन्यातला एक पाणक्या जखमी शत्रूला पाणी पाजताना पकडला जातो. त्याला राजासमोर उभं करतात. 'राजाने तलवार मागवली.' पान उलटलं तर समोर पुन्हा एकशे एकोणतीस.

"थांबले असते तर सगळ्यांना कळलं असतं की ही माझ्याच हातून बिघडलेली प्रत," आत्या मला म्हणाली. "सतराजणी माना वर करून बघत होत्या. मी मान खाली घातली आणि चालू ठेवलं."

त्या दिवशी तिने पाणक्याला वाचवलं. तलवार येईपर्यंत राजाला तहान लागते. तो पाणी मागतो, तर पाणक्या म्हणतो, "त्या जखमीचं अर्धंच पिऊन झालंय, तुमचा नंबर त्याच्यानंतर." राजाला हसू येतं. पाणक्या सुटतो आणि युद्ध सोडून घरी निघतो. चाळीस दिवस चालतो. दारात पोहोचतो तेव्हा बायको त्याला ओळखते, पण रडत नाही की विचारपूस करत नाही. म्हणते, "आलास तर ती घागर भरून आण."

पहिल्या वेळी हे सगळं पाच-सात मिनिटांत आटोपलं. मग आत्याने दुसरा नववा फर्मा ओलांडून एकशे एकसष्टवर उडी मारली. तिथे युद्धाची नवी सकाळ होती, कुणाला सांधा कळला नाही. पुढच्या खेपेला चाळीस दिवसांच्या वाटेवर एक नदी आली. त्याच्या पुढच्या खेपेला त्या नदीवरचा भांडखोर नावाडी. अकराव्या वाचनापर्यंत पाणक्याला पुरी दुपार लागायला लागली होती, आणि फोरमन नेमका त्याच दुपारी काहीतरी निमित्त काढून वर यायचा.

खरी पानं मिळवायचं तिच्या मनात आलं नाही का, असं मी तिला विचारलं. ती म्हणाली, "आधी भीती वाटली. नंतर गरज वाटली नाही."

दोन वर्षांपूर्वी थोरल्याची नवी आवृत्ती निघाली आणि बांधणीला याच खोलीत आली. तेव्हा आत्याचं बारावं वाचन चालू होतं. गोष्ट नुकती शंभराव्या पानापुढे सरकली होती.

घडी घालणाऱ्या बायका ताव वाचत नाहीत. अर्धी पानं उलटी असतात आणि हाताला थांबता येत नाही. पण एक होती, तिला तीन वर्षं झाली तरी सगळ्या 'नवी'च म्हणायच्या, तिला मान वाकडी करून वाचायची खोड होती. जेवणाच्या सुट्टीत ती घडी घातलेला फर्मा घेऊन आली.

"ताई, तुमचा पाणक्या मेलाय."

"कोण मेलं?" खळवालीने डबा बंद करत विचारलं. पुस्तकांच्या पाठीला खळ लावणारी ही बाई आत्याच्याच वयाची.

नवीने वाचून दाखवलं. "'पाणक्याचे मुंडके धुळीत पडले. आता घोड्यांची नावे ऐका.' आणि मग बाई, सोळा पानं नुसते घोडे!"

एक-दोघी हसल्या. मग सगळ्यांनी आत्याकडे पाहिलं.

"आणि नदी?" कुणीतरी विचारलं. "तो नावाडी?"

"नावाडी नाही. नदी नाही. बायको तर नाहीच नाही."

आत्याने आपली प्रत उघडून टेबलावर ठेवली. नववा, पुन्हा नववा, मग अकरावा. या खोलीत कुणाला समजावून सांगायची गरज नव्हती.

खळवाली उठून उभी राहिली. तिचा नवरा कामासाठी दूर गेला तो अकरा वर्षांनी परत आला होता. दारात उभा राहिला तेव्हा तिला बोलायला शब्द सापडेना, म्हणून तिने थोरल्यातलं वाक्य म्हटलं होतं. त्याने मुकाट्याने घागर भरून आणली होती आणि तो राहिला होता. हे सगळ्या मजल्याला माहीत होतं, कारण तिनेच सांगितलं होतं, आणि सांगताना दरवेळी म्हणायची, हे माझं नाही, मोठ्या पुस्तकातलं आहे.

"म्हणजे ते तू म्हटलं होतंस?" ती म्हणाली. "मला वाटलं, हजार वर्षांपूर्वीच्या कुठल्यातरी शहाण्या माणसाने लिहून ठेवलंय. म्हणून मी त्याला घरात घेतलं. आणि ते तुझं? तुझं तर लग्नही झालेलं नाही!"

आत्याने उघडी प्रत मिटली.

"आम्ही वाचणारीचे ताव घडी करत होतो," खळवाली म्हणाली. "थापा मारणारीचे नाही."

त्या दुपारी वाचन झालं नाही. आत्याच्या टेबलावर कुणी फर्मे ठेवले नाहीत. तिने हाडाची पट्टी घेतली आणि आपला वाटा स्वतः घातला. बोटांची सवय मोडली होती, सुट्टीच्या वेळी तिचा ढीग निम्मासुद्धा नव्हता. चार दिवस असंच चाललं. फोरमन वर येऊन म्हणाला, "बाई, भांडणं कशाला? इथे एक रेडिओ लावू." त्याला कुणी नको म्हटलं नाही. आत्याला त्या नको न म्हणण्याचीच धास्ती बसली.

त्या आठवड्यात ती आमच्याकडे आली होती. भाजी निवडता निवडता तिने सगळं सांगितलं आणि विचारलं, "तुमच्या कॉलेजात याला काय म्हणतात गं? लबाडी?"

"परंपरा म्हणतात," मी म्हटलं.

"चेष्टा करू नकोस."

मी चेष्टा करत नव्हते. ही काव्यं लिहिली जाण्याआधी तोंडोतोंडी चालत होती, आणि जिथे आठवेना तिथे सांगणाऱ्यांनी आपलं घातलं. पुढच्या कवींनीही तेच केलं. जुन्या काव्यात ज्याला एक ओळ मिळाली, अशा कुणाला तरी हाताला धरून त्यांनी मध्यभागी आणलं, आणि कधीकधी त्याच्या बाजूने सगळं युद्ध पुन्हा सांगितलं. मी हे तिला जमेल तसं सांगितलं.

"पण ते लोक सांगत असतील ना, की हे आम्ही केलंय?"

"पुढचे सांगतात. पुस्तकावर नाव घालतात."

"तिथेच माझं चुकलं," आत्या म्हणाली आणि देठांचा ढीग कागदात गुंडाळला.

सोमवारी दुपारी तिने न विचारता नव्या आवृत्तीचा दहावा फर्मा हातात घेतला. म्हणाली, "आधी जे आहे ते वाचते. ऐकायचं तर ऐका." आणि तिने वाचलं. पाणक्या एका ओळीत मेला. मग घोडे आले. काळे, करडे, पांढऱ्या खुरांचे, कुणाचा कोण, कुठल्या कुरणातला. दोन दुपारी नुसते घोडे. पहिल्या दिवशी बायका जांभया देत होत्या. दुसऱ्या दिवशी टोकाच्या टेबलावरून एकीने विचारलं, "तो एका डोळ्याचा घोडा, तो परत येतो का हो पुढे?"

"नाही," आत्या म्हणाली.

"मग बिचाऱ्याचं नाव कशाला घेतलं?"

"मलाही कळलं नाही."

नवी म्हणाली, "ताईंना सांगा, त्या आणतील परत." यावर खळवाली सोडून सगळ्या हसल्या. त्या संध्याकाळी आत्याच्या टेबलावर सात-आठ फर्मे जास्तीचे होते. कुणी ठेवले ते तिने पाहिलं नाही.

मग तिने एक काम केलं. रद्दीतला एक कोरा ताव घरी नेला आणि पाणक्याची सगळी गोष्ट त्याच्यावर लिहून काढली. पुस्तकाची पानं असतात तशी, सोळा. घडी न घालताच लिहिली. पहिलं पान इथे, सोळावं त्याच्या शेजारी, आठवं डोक्यावर उलटं. कुठलं पान कुठे येणार हे तिच्या हातांना ठाऊक होतं. तीन रविवार गेले. शेवटच्या पानाखाली तिने एक ओळ घातली: 'हे मूळ पुस्तकात नाही. वाचणारीने जोडले आहे.' घड्या घातल्या, कडा कापल्या, तेव्हा सगळी पानं जागच्या जागी निघाली.

ती हा फर्मा घेऊन आली त्या दुपारी तिने आधी शेवटचं पान वाचलं, ती ओळ. मग खळवालीकडे बघून विचारलं, "वाचू?"

खळवाली ब्रश खळीत बुडवून उभी होती. "वाच," ती म्हणाली. "पण मी ऐकेनच असं नाही."

आत्याने वाचलं. राजा, तहान, चाळीस दिवस, नदी, नावाडी. खालून यंत्रांची घरघर येत होती. पाणक्या दारात पोहोचला. बायको म्हणाली, "आलास तर ती घागर भरून आण."

"असं नाही," खळवाली म्हणाली.

आत्या थांबली.

"एकदम नाही म्हणत कुणी असं. तू एकटी राहतेस, तुला काय माहीत." तिने ब्रश खाली ठेवला. "मी आधी दार लावून घेतलं. त्याच्या तोंडावर. आतून दाराला पाठ लावून बसले. तो बाहेर बसला. कितीतरी वेळ. मला त्याच्या खोकल्याचा आवाज येत होता. मग मी दार उघडलं आणि मग ते म्हटलं."

खोलीत कुणाचीच पट्टी हलत नव्हती. हे तिने आजवर कुणालाही सांगितलं नव्हतं.

"किती वेळ बसलीस?" आत्याने विचारलं.

"ऊन उंबऱ्यावरून खाली उतरेपर्यंत."

आत्याने कानावरची पेन्सिल काढली. पान भरलेलं होतं, म्हणून तिने समासात आडवं लिहायला घेतलं. दार, पाठ, खोकला. "ऊन उंबऱ्यावरून उतरेपर्यंत," ती पुटपुटली.

"आणि खाली ती ओळ आहे ना तुझी," खळवाली म्हणाली, "वाचणारीने जोडलं म्हणून?"

"आहे."

"त्यात मलाही घाल."