उसाची गाडी आन् माझं तोंड

निमोण्यापासनं दौंडापातुर माझ्याएवढा पिक्चरमधी झळकलेला नट दुसरा न्हाई. झळकलो म्हंजी, पाठमोरा. मी हवालदार झालो, हमाल झालो, मयतीला खांदा दिला, व्हिलनच्या मागं काठी घेऊन हुभा राह्यलो. पर कॅमेऱ्याला माझी मान लईच आवडायची. तोंडाचा नंबर काय लागंना.

आमचं सासरं, म्हंजी मामा, पाटसकडचं. माझा पिक्चर आला की चष्मा लावून मोबाईलवर बघायचं आन् शेवटी माझ्या बायकोला विचारायचं, "आगं, पाव्हणं कुठं व्हतं यात?"

"त्यो काय, टोपीवाला."

"टोपी दिसली. तोंड दिसलं की ॲक्टर म्हणीन."

बायको माहेरी जायचं टाळाया लागली. मला फकस्त एकदा मामांच्या तोंडनं त्यो शब्द ऐकायचा व्हता.

आन् घावला की रोल! दौंडजवळ शूटिंग, मी दुष्ट पाटील. मखमली कोट, फेटा, झुबकेदार मिशा, वर डायलॉग बी: "एकेकाला बघून घेतो!" मला वाचता येत न्हाई, म्हणून असिस्टंट बाईनं घोकून घेतला. उसाच्या गाडीवर बसून यायचं, बाभळीखाली थांबायचं, कॅमेऱ्यात बघून डायलॉग हाणायचा.

डायरेक्टर म्हणाला, "बैलगाडी हाकता येते ना?"

"सायेब, जन्मच बैलगाडीत झालाय!"

झाला व्हता दवाखान्यात. आन् आजवर हाकली ती मोपेड.

गाडी-बैलं मामांचीच आणली. मी गाडी घेऊन निघताना मामा म्हणालं, "पाव्हणं, गाडी रिकामी ठिवा. हंगाम चालू हाय. ऊस भरला की बैलं माझंबी ऐकत न्हाईत."

"मामा, फिल्म लाईनमधलं तुम्हाला काय कळतंय?" मी म्हणालो. मखमली कोट अंगात गेला की माणसाचं असं व्हतं.

गाडीत मोळ्या रचल्या, वर मी. ॲक्शन म्हणलं. बैलं कॅमेऱ्यासमोरनं काय डौलात निघाली! बाभूळ आली. मी कासरा वढला. बाभूळ गेली. मी पुन्हा वढला, पार आडवा झालो, तर शूटिंगचा तंबूबी गेला. मागनं समदे वरडत्यात, "कट! कट!" बैलांना कट कळतंय व्हय? मानेवर उसाचं वझं आलं की त्यांना एकच ठिकाण ठावं. डांबरीला लागली, बरुब्बर वळली, आन् साखर कारखान्याच्या वजनकाट्यापुढं गाड्यांची लाईन व्हती, तिच्या शेपटाला जाऊन गप हुभी राह्यली. रवंथ करत.

म्होरल्या गाडीवाल्यानं माझा फेटा बघितला, मिशा बघितल्या, कोट बघितला.

"लगीन हाय व्हय?"

माझ्या अंगात पाटील शिरला. मी गरजलो, "एकेकाला बघून घेतो!"

"घ्या की. पर लायनीतनं. हितं समद्यांचा नंबर हाय."

आयुष्यात तसा डायलॉग पुन्हा जमला न्हाई. कॅमेरा मातुर बाभळीखाली!

डायरेक्टर गाडीमागं पळत आला, त्यो हसत हसतच. लांब जाणारी गाडी त्याला इतकी आवडली की म्हणाला, "हाच सीन ठेवू. तुमच्या क्लोजअपची गरजच नाही आता."

पिक्चर आला. मामांच्या ओट्यावर समदं घर मोबाईलवर वाकलं. पयल्यांदा बैलांची तोंडं, पडदा भरून. मग गाडी, डुलणारा ऊस आन् त्यावर लांब लांब जाणारा एक फेटा. मामांनी चष्मा पुसला, पिक्चर मागं घेऊन पुन्हा बघितला. बायकोनं माझा हात घट्ट धरला.

"ॲक्टर हाय," मामा म्हणालं.

मी धाडदिशी पाय धराया वाकलो.

"उठा पाव्हणं," मामा म्हणालं, "मी डावीकडच्या बैलाला म्हणलो."