फोरमनच्या व्हिसावरचा दिग्दर्शक

विषय : आल्दो साहेब, इटालियन चित्रपट दिग्दर्शक (व्हिसावर : फोरमन), यांचे किस्से सादर करणेबाबत.
संदर्भ : मित्रमंडळींची चहावरची तोंडी मागणी.

उपरोक्त विषयी निवेदन की, किस्से फायलींसारखे असतात. एक बंद करावी, तर तिच्या पोटातून दोन निघतात. शारजा औद्योगिक क्षेत्रात रफिकशेठच्या पाण्याच्या टाक्यांच्या कारखान्यात मी कारकून होतो. आता अबुधाबीच्या खलिफा सिटीत मुलाकडे निवांत असतो, पण आल्दो साहेबांची फाइल अजून उघडीच आहे.

साहेब आले होते वाळवंटात सिनेमा काढायला. अर्ध्या शूटिंगमध्ये निर्माताच गायब! रफिकशेठ मूळचे रत्नागिरीचे. त्यांना दया आली, शिवाय टाक्यांची जाहिरातही हवी होती. मला म्हणाले, "कुलकर्णीभाऊ, आपल्याकडे वेल्डर आहे, ड्रायव्हर आहे, एक डायरेक्टर पण असू दे. यल्ला, चला, व्हिसा काढा!"

कारखान्याच्या लायसन्सवर दिग्दर्शक कुठून असणार? फोरमनची जागा रिकामी होती, ती भरली. साहेब खवळले. मी म्हटलं, "फरक काय, साहेब? दोघांनाही दिवसभर दुसऱ्यांवर ओरडायचंच असतं!"

*

पहिल्याच जाहिरातीत साहेबांनी टाकीसमोर कॅमेरा लावला आणि उन्हाची वाट पाहत बसले. ऊन आलं. म्हणाले, "हे नव्हे." शारजात ऊन नापसंत करणारा माणूस आम्ही पहिल्यांदाच पाहिला!

शेवटी रफिकशेठचा धीर सुटला. "साहेब, टाकी आहे ती, नवरी नाही! खलास करा."

जाहिरात झाली. तीत टाकी इतकी एकाकी दिसत होती, की एका गिऱ्हाइकाने तिच्यात गळती आहे का, असं विचारलं.

*

साहेबांचा इटलीतला नावाजलेला सिनेमा त्यांनी मला मुद्दाम दाखवला. एक म्हातारी संत्रं सोलत असते. माझा डोळा लागला. जाग आली तेव्हा ती सोलतच होती.

मी प्रामाणिकपणे सांगितलं, "साहेब, झोपलो होतो."

त्यांनी मला मिठीच मारली. "शाब्बास! आमच्याकडे लोक उठून गेले होते!"

*

पुढच्या जाहिरातीत आमच्या हसन ड्रायव्हरला टाकीतलं पाणी पिऊन गहिवरायचं होतं. साहेब म्हणाले, "गावाकडच्या आईला आठव."

हसन म्हणाला, "आई मजेत आहे. सकाळीच व्हिडिओ कॉल झाला. हसतच होती."

साहेबांनी थोडा विचार केला. "बरं. समज, तुझा व्हिसा कॅन्सल झालाय."

हसन रडला. कॅमेरामन रडला. दिवे धरणारा रडला. गेटवरचा वॉचमन विचारायला आला, "किसका कॅन्सल हुआ?"

*

त्या दिवसापासून साहेबांनी ठरवलं, की आयुष्यातला शेवटचा सिनेमा काढायचा तो या माणसांवरच, आणि याच कारखान्यात. वय सत्तरीपलीकडचं, छातीत दोन स्टेंट. "मिस्टर फाइल," ते मला म्हणाले, "परवानगी काढा. माझ्याकडे वेळ कमी आहे."

परवानगीसाठी व्हिसावर 'दिग्दर्शक' हवं. ते बदलून घ्यायला चालू सिनेमा दाखवायला हवा. आणि सिनेमा चालू करायला परवानगी! असं वर्तुळ आमच्या जुन्या हेड क्लार्कलाही काढता आलं नसतं.

शेवटी मी साहेबांना घेऊन थेट व्हिसा ऑफिसच्या काउंटरवर गेलो. अधिकारी तरुण आणि सभ्य होता. त्याने विचारलं, "हबीबी, तुम्ही दिग्दर्शक आहात, याला पुरावा काय?"

साहेबांनी त्याच्याकडे नीट पाहिलं. म्हणाले, "खुर्ची जरा खिडकीकडे घ्या."

त्याने घेतली!

"आता समोर मी नाही, तुमचे वडील आहेत. आयुष्यभर त्यांनी तुमच्याकडे काही मागितलेलं नाही. आज पहिल्यांदा मागतायत. घाई करू नका. त्यांच्याकडे बघा, आणि फक्त 'मंजूर' म्हणा."

रांगेतले लोक माना उंचावून बघू लागले. अधिकारी बराच वेळ बघत राहिला. मग म्हणाला, "मंजूर."

"कट!" साहेब ओरडले. रांगेने टाळ्या वाजवल्या. एका बाईंनी तर डोळे टिपले.

अधिकाऱ्यानेही टिपले, खुर्ची जागेवर सरकवली आणि म्हणाला, "फार सुंदर. आता अर्ज ऑनलाइन करा."

त्याप्रमाणे अर्ज ऑनलाइन केला आहे. अद्याप प्रलंबित आहे.